कशावरूनच्या तासाची वारसनोंद

मी, श्रीमती इंदिरा बंडोपंत देशकर, वय ७१ वर्षे, सेवानिवृत्त प्राथमिक शिक्षिका, राहणार नाचणगाव, तालुका देवळी, जिल्हा वर्धा, हे मृत्युपत्र माझ्या राजीखुशीने, कोणाच्याही सांगण्यावरून किंवा धाकाने नव्हे, स्वतःच्या अक्षरात लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत असल्याचा दाखला डॉ. गोपाल राठी यांनी दिला आहे. मी त्यांना विचारले, "कशावरून ठरवलंत?" ते म्हणाले, "बाई, या प्रश्नावरूनच." दाखला सोबत जोडला आहे.

यापूर्वी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही. याच महिन्यात एक कच्चा मसुदा केला होता, तो फाडला. का फाडला ते पुढे येईल.

१. माझे पती बंडोपंत १९८८ साली वारले. मला एकच अपत्य, मुलगा सुश्रुत. तो पत्नी नमितासह नागपूरला असतो. नाचणगाव येथील राहते घर मी माझ्या पगारातून बांधले असून त्यावर अन्य कोणाचा हक्क नाही. हे घर, समोरच्या खोलीबाबत कलम ६ मधील अटीसह, मी सुश्रुतला देत आहे. बँकेतील ठेवीही त्याच्याच. त्यांचा तपशील कपाटातल्या निळ्या फाइलीत आहे.

२. माझ्या सोन्याच्या पाटल्या सूनबाई नमिताला द्याव्यात. सोळा वर्षांत तिने माझ्या होला हो म्हणून हो केले नाही. पटले तेव्हाच हो म्हणाली. अशा माणसाच्या हाती दागिना सुरक्षित राहतो. या मृत्युपत्राची अंमलबजावणीही तिनेच करावी.

३. समोरच्या खोलीविषयी लिहिण्याआधी त्या खोलीत काय चालते ते लिहिणे भाग आहे, कारण उद्या एखादा अधिकारी विचारील की ही शिकवणी कोणत्या विषयाची.

१९९४ साली मी एका गावी तिसरीला शिकवत होते. गावाचे नाव मुद्दाम लिहीत नाही. विज्ञानाच्या पेटीतले भिंग एके दिवशी सापडेना. आदल्या दिवशी ते रोशन नावाच्या मुलाच्या हातात होते. त्याला ते फार आवडायचे. मुंगीचे पाय मोजत बसायचा. मी सगळ्यांसमोर म्हटले, "भिंग रोशनने नेले." आणि त्याला उभे केले.

तेव्हा छाया नावाची आठ वर्षांची मुलगी उठली. म्हणाली, "बाई, तुमी पाह्यलं का त्याले नेतानी?"

"नाही."

"मंग तुमाले कसं मालूम?"

उत्तर नसले की मास्तर काय करतो? मी छायालाही उभे केले. दोघे मधल्या सुट्टीपर्यंत उभी होती.

भिंग दुसऱ्या दिवशी माझ्याच पिशवीत निघाले, डब्याच्या फडक्यात गुंडाळलेले. मीच ठेवले होते. मी वर्गात तसे सांगितले. रोशन एवढेच म्हणाला, "बाई, माह्या बाबाले सांगसान का?" घरी आदल्या संध्याकाळीच बातमी पोचली होती आणि त्याने मार खाल्ला होता. पाठीवरचे वळ मी पाहिले.

शाळा सुटल्यावर मी त्याच्या घरी गेले. त्याचे वडील रूपराव बैलाला पाणी दाखवत होते. मी त्यांच्यादेखत रोशनची माफी मागितली. रूपराव गडबडले. "बाई, तुमी मास्तरीण. पोराची माफी काऊन मागता? पोराले काय समजते?"

मी म्हटले, "चूक त्याच्यापाशी केली, तर माफी दुसऱ्या कोणापाशी मागू?"

त्यांनी मला बाजेवर बसवले, चहा पाजला. रिकामा कप घेताना म्हणाले, "मी बी इचारलं नाई त्याले. हात उचलला फक्त."

त्या आठवड्याच्या शनिवारी मी शेवटच्या तासिकेला पुस्तक उघडले नाही. फळ्यावर एकच शब्द लिहिला: कशावरून? तो आमचा पहिला तास. नियम दोनच ठेवले. जे म्हणाल ते कशावरून म्हणता ते सांगायचे; आणि दुसऱ्याचे ऐकून मत बदलले तर कोणी हसायचे नाही. लोक याला तत्त्वज्ञान म्हणतात असे मला फार पुढे समजले. मुलांना ते अजून ठाऊक नाही आणि त्यावाचून त्यांचे काही अडलेले नाही. "जुळा भाऊ दहा मिनिटांनी मोठा, तर त्याले जन्मभर दादा काऊन म्हनायचं?" या एका प्रश्नावर आम्ही तीन शनिवार काढले. "सगळे म्हनतात म्हनून खरं असते, तर सगळे झोपल्यावर काय होते?" हा अजून सुटलेला नाही.

४. १९९९ साली मी बदलीने नाचणगावच्या शाळेत होते, तास तिथेही चालू होता, तेव्हा एक साहेब तपासणीला आले. त्यांनी मुलांना विचारले, "वर्गात सगळ्यात हुशार कोण?" एका मुलीने हात वर करून विचारले, "सर, कशात?" साहेबांना ते झोंबले. मला लेखी नोटीस आली: 'आपले विद्यार्थी प्रतिप्रश्न करतात, याचा खुलासा करावा.' तास बंद झाला. मी तो त्याच शनिवारी दुपारी चार वाजता माझ्या घरच्या समोरच्या खोलीत सुरू केला. आज सव्वीस वर्षे तो तिथे चालू आहे. साहेबांवर माझा फार दिवस राग होता. पुढे तो राग गेला. त्यांनी नोटीस दिली नसती तर माझ्या निवृत्तीबरोबर तास संपला असता. छत्तीस वर्षांच्या नोकरीत याहून चांगले प्रशस्तिपत्र मला मिळाले नाही. ती नोटीस चौकटीत लावली आहे. ती काढू नये.

५. छाया आता अंगणवाडीत शिकवते आणि पाच वर्षांपासून शनिवारी माझ्यासोबत तास घेते. मुलांच्या प्रश्नांच्या अकरा वह्या, फळा, सतरंज्या आणि माझी पुस्तके मी तिला देत आहे. तिला मी शिकवले असे गाव म्हणते. ते खरे नाही. उलटे आहे, आणि हे कागदावर राहावे म्हणून लिहिले.

रोशनचे पुलगावला मोटारपंप दुरुस्तीचे दुकान आहे. त्यालाही काही द्यावे म्हणून विचारले. म्हणाला, "बाई, मले काई नोका देऊ. माही अंकिता येते ना शनवारी. तेच चालू राहू द्या." म्हणून त्याला काही देत नाही. त्याचे आभार मात्र या दस्तऐवजात नोंदवते. त्याने माझ्यावर राग धरला असता तर त्याचे चुकले नसते.

६. आता फाडलेल्या मसुद्याविषयी. ८ नोव्हेंबरच्या शनिवारी मी तो मुलांना वाचून दाखवला. त्यात लिहिले होते की समोरची खोली कायम तासासाठी राहील आणि सुश्रुतने ती कधीही विकू नये. रोशनची अंकिता, वय आठ, म्हणाली, "आजी, सुश्रुतकाकाले इचारलं का?"

"घर माझं आहे, अंकिता."

"पन राहतीन तर ते ना? तुमीच म्हनता, दुसऱ्याचं आयकल्याबिगर ठरवू नोका."

मी तास संपल्यावर सुश्रुतला फोन लावला. तो म्हणाला, "खोली ठेव ना, आई. खोलीचं काही नाही." मी विचारले, "मग कशाचं आहे?"

"सगळ्या गावच्या पोरांच्या प्रश्नांना तुझ्याकडे वेळ होता. मी एकच विचारला होता."

मला आठवेना. त्याने आठवण दिली. बंडोपंतांचा देह दवाखान्यातून घरी आणून ठेवला होता. सुश्रुत नऊ वर्षांचा. त्याने माझा पदर ओढून विचारले होते, "आई, बाबांना आता ऐकू येतं का?" आणि मी म्हटले होते, "गप्प बस, लोक बसलेत."

तो सदतीस वर्षे गप्प बसला.

मी म्हटले, "सुश्रुत, मी चुकले. तू तेव्हा बरोबर विचारलं होतंस."

पुढच्या शनिवारी तो न सांगता आला. सतरंजीवर मुलांमध्ये मांडी घालून बसला. हात वर करून त्याने तोच प्रश्न विचारला. मुलांनी त्यावर तासभर वाद घातला. कोणी हो म्हणाले, कोणी नाही, कोणी म्हणाले कशावरूनच सांगता येत नाही. शेवटी अंकिता म्हणाली, "काका, आयकू येत नसन बी. पन सांगाले काय जाते? तुमाले काय सांगायचं होतं?"

तो म्हणाला, "त्यांची सायकल मी पाडली होती. हँडल वाकलं होतं. त्यांना वाटत राहिलं, कोणी रस्त्यावरच्याने पाडली."

कोणी हसले नाही. छायाने त्याला पाणी दिले. तो खूप रडला, आणि मीही.

म्हणून खोलीचे कलम आता त्याच्या शब्दांत आहे: समोरच्या खोलीची मालकीही सुश्रुतचीच राहील, आणि शनिवारी एक जरी मूल येत असेल तोवर ती तासासाठी उघडी ठेवली जाईल. 'कायम' हा शब्द त्याने काढायला लावला. म्हणाला, "कायमचं कोणाला ठाऊक?" मला पटले.

७. माझ्या देहाचे दहन येथेच, साधेपणाने करावे. शोकसभा नको, भाषणे नकोत. मुलांना घराबाहेर काढू नये. त्यांना पाहायचे असेल तर पाहू द्यावे, आणि ती काही विचारतील तर कोणीही त्यांना गप्प बसवू नये. उत्तर ठाऊक नसेल तर ठाऊक नाही म्हणावे. आणि सुश्रुत, तुला मला काही सांगायचे असेल तर लोक बसलेले असतानाच सांग, मोठ्याने. ऐकू येईल की नाही, ते मी आज खात्रीने लिहू शकत नाही.

वरील मजकूर मी वाचला, मला समजला, पटला आणि मग सही केली.

ठिकाण: नाचणगाव
दिनांक: २९ नोव्हेंबर २०२५, शनिवार

(सही) इंदिरा बंडोपंत देशकर

श्रीमती देशकर यांनी आम्हा दोघांसमोर सही केली व आम्ही त्यांच्यासमोर सही केली. सह्या घाईने झाल्या, कारण चार वाजले होते आणि मुले दाराशी आली होती.

साक्षीदार:
१. (सही) डॉ. गोपाल राठी, पुलगाव
२. (सही) ताराचंद लोखंडे, सेवानिवृत्त पोस्टमन, शेजारी, नाचणगाव