गुलशेर शुक्रवारी तुझ्या दारात येतोय

बख्तां, माझ्या धाकटे, थोरल्या बहिणीचा सलाम आणि दुवा. इस्लामाबादेत आम्ही बरे आहोत. गुडघे माझ्यासारखेच हट्टी झालेत. तुझी शेळी व्याली का?

नात माहीन लिहितेय, पण लिहायला लावलंय तुझ्या भाच्याने, माझ्या गुलशेरने, खासदारसाहेबांनी. तिसऱ्यांदा निवडणुकीला उभा राहतोय. आधी बादली, मग छत्री, आता मोर. मला अक्षर येत नाही, चिन्ह बघून शिक्का मारते, तर हा दर खेपेला पक्षासकट चिन्हच बदलतो.

तुझा नवरा गेला तेव्हा गुलशेर फातिहा म्हणायला, मयतासाठी दुवा मागायला आला नाही. त्या दिवशी तो एका सरदाराच्या आईच्या फातिहाला बसला होता. तिकडे मतं जास्त. आता पाच महिन्यांनी तुझ्या अंगणात दुवेसाठी हात उचलायला येतोय, कारण तुझ्या सासरची शंभर घरं आहेत. "अम्मा, मावशीला सांग, दार उघडं ठेव," म्हणाला. मी म्हटलं, "मावशी आहे ती, मतपेटी नव्हे." तरी शुक्रवार ठरवूनच उठला.

तब्येत छान आहे त्याची. जिना चढताना दोनदा थांबतो, एवढंच. छातीच्या गोळ्या माझ्यापासून लपवून घेतो.

दार उघड, बख्तां. खाट टाक, चहा दे, हवं तेवढं सुनाव. पण मत देऊ नकोस, दिरांनाही देऊ देऊ नकोस.

माहीन लिहायचं थांबवून म्हणते, "दादी, अब्बा हरतील ना!" लिही म्हटलं. हरला तर आम्ही दोघं गावी, घरी येऊ. जिंकला, तर त्याच्या फातिहाला बसायची पाळी माझ्यावर येईल.

तुझी दमलेली आपा,
सद्दां