पुतण्याने आणलेले साक्षीदार

मी, खाली सही करणार, वय वर्षे एकाहत्तर, धंदा पत्त्यांची आणि नाण्यांची हातचलाखी, तीही लोकांच्या नाकासमोर, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत करून ठेवतो. पक्षाघाताने उजवा हात गेला, डोकं शाबूत आहे. "काकांचं आता काही खरं नाही," असं पुतण्या फोनवर सांगतो, ते मला पलंगावरून स्वच्छ ऐकू येतं.

१. हे राहतं घर, माझ्या कमाईचं, मी माझ्या धाकट्या बहिणीला देतो. पुतण्याने वेगळंच मृत्युपत्र छापून आणलंय, त्यात घर त्याला. आज तो घरांचा दलाल आणि दलालाचा कारकून असे दोन साक्षीदार आणणार. "सही झाली नाही, तर आत्याला उद्याच आश्रमात सोडतो," असं तिच्यासमोर म्हणाला. आमचा फोन त्याच्या खिशात, जाताना बाहेरून कुलूप. शेजाऱ्यांनाही दारातून परत पाठवतो. तेव्हा मला साक्षीदार मिळायचे ते त्याचेच.

२. बँकेतली शिल्लकही बहिणीला. त्यातून तिने आधी डोळ्यांचं ऑपरेशन करून घ्यावं. टाळाटाळ खपवून घेणार नाही.

३. ज्या उपाहारगृहात मी टेबलाटेबलावर खेळ केले आणि जेवलो मात्र भांडी घासायच्या मोरीशेजारी, त्याच्या मालकाने माझ्या अंत्ययात्रेला येऊ नये. आलाच तर खुर्ची देऊ नये.

४. माझे पत्ते, नाणी आणि टेबलावर अंथरायचा मखमलीचा तुकडा पुतण्याला. हो, त्यालाच! आईबापावेगळं पोर, याच घरात वाढलं. हात सोन्यासारखे, पण धीर नाही. टाळी पडायच्या आधीच वाकायचा. त्याचा संताप येतो आणि रडूही येतं. शिकवलेलं काही परत घेता येत नाही.

५. आता जे कुणालाच ठाऊक नाही ते. गिऱ्हाइकाने सही केलेला पत्ता त्याच्याच बंद पाकिटातून निघायचा, या खेळावर माझं नाव झालं. तो पत्ता पाकिटात घालायची माझी बहीण, शेजारच्या टेबलावर परक्या बाईसारखी बसून. पुतण्यालाही कधी कळलं नाही. "नाव तुझंच राहू दे दादा, माझं झालं की लोक माझ्याकडे बघायला लागतील," म्हणायची.

पुतण्या दलालाला आणायला गेलाय. मी सांगतोय आणि बहीण त्याच्याच प्रिंटरवर, त्याच्याच कागदावर हे उतरवतेय. सह्यांचं पान त्याच्या पानाची हुबेहूब नक्कल आहे. दलालाला मजकूर दिसू नये म्हणून तो वरची पानं झाकून ठेवणार आणि सह्या होताच सगळं पाकिटात घालून चिकटवणार, ते आमच्या पथ्यावरच पडेल. माझा डावा हात थरथरतो, म्हणून आधी ठसा, मग सह्या, आणि ठशाच्या वेळी कागद बहिणीने धरायचा, हे त्यानेच ठरवलंय. ठसा उमटवायच्या आधी मी डाव्या हातातून नाणं पाडीन, तेवढ्यात ती कागद बदलेल. तो माझा शिष्य, नाण्याकडे बघायचा नाही, माझ्या दुसऱ्या हाताकडे बघेल. बघू दे. तो हात मेलेलाच आहे.

आज सकाळी तिच्या हातून कप पडला. विचारलं, जमेल ना गं? "गप पड," म्हणाली. मला धडकी भरलीय. चुकलं तर तिला उद्या गाडीत बसवतील आणि मी नुसता बघत राहीन.

पोरा, हे वाचत असशील तर पाकीट तूच चिकटवलं असशील. आत्याच्या पाया पड. शिकवते का विचार.

पुरे, म्हणतेय. खाली गाडी थांबली.

मृत्युपत्र करणार: (सही, डाव्या हाताची, वाकडी)

साक्षीदार पहिले: (सही) घरांचा दलाल

साक्षीदार दुसरे: (सही) दलालाचा कारकून

स्थळ: राहते घर

तारीख: आजची, पुतण्याच्या हस्ताक्षरात

डाव्या अंगठ्याचा ठसा घेताना कागद धरणार: बहीण