चाळिशीपुढचे सगळे निवृत्त

सौ. ताईस, धाकट्याचा साष्टांग नमस्कार.

तुझी कंबर आता कशी आहे? भाऊजींचा खोकला गेला का? इकडे सर्व खुशाल असं लिहायला पेन उचललं होतं, पण ते धडधडीत खोटं होईल.

माझा उद्योग तुला ठाऊकच आहे. हातात मावणाऱ्या त्या वीस वर्षांपूर्वीच्या फुटबॉल गेममध्ये खेळाडू अजून तेव्हाचेच, म्हणून दर हंगामाला मी नव्या खेळाडूंची यादी करून त्यात भरतो. (ही यादी वापरणारे जगात आम्ही अकरा जण. त्यातले नऊ फक्त चुका काढतात.) यंदा एकाने कळवलं, की तुमच्या यादीत म्हातारे फार झालेत. मला ते झोंबलं. बाराशे नावं एकेक करून तपासायचा कंटाळा, म्हणून चाळिशीपुढचे सगळे एका फटक्यात निवृत्त केले, रिकाम्या जागी तरणी पोरं भरली आणि मोठ्या रुबाबात ती यादी बाबांच्या गेममध्येही चढवली.

ताई, बाबांच्या संघात गोलात आई होती. वय अठ्ठावन्न. ती गेली त्या वर्षी त्यांनी स्वतः तिला तिथे उभं केलं होतं (तिच्या नजरेतून घरात काही सुटायचं नाही, म्हणून). मी विसरलो. पोटचा मुलगा असून विसरलो.

बाबा ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी चष्मा पुसला, यादी दोनदा वरखाली केली आणि शांतपणे विचारलं, "तुझी आई राखीव खेळाडूंत आहे का रे?"

नव्या गोलरक्षकाला ते उभंच करत नाहीत. आघाडीच्या खेळाडूला गोलात धाडतात आणि रोज जेवणाआधी नऊ-नऊ गोल खातात. मी आईला पुन्हा भरलं, पण उडी, पकड, धीर यांचे आकडे मूळचे बाबांनी ठरवलेले. त्यांना ते आता आठवत नाहीत, म्हणून मी अंदाजाने टाकले. अर्धा सामना खेळून त्यांनी गेम बंद केला. "ही ती नव्हे," म्हणाले. तेव्हापासून मला घरात तोंड दाखवायला जागा उरलेली नाही.

तुझा,
धाकटा

ता. क. बाबांच्या गेमवरून उतरवलेली जुनी यादी, आईसकट, भाऊजींच्या गेममध्ये आहे. तो गेम लगेच पाठव. गेल्या आठवड्यात मी त्यांना नवी यादी धाडली, ती त्यांना चढवू देऊ नकोस. (सोबत मी तिची जी स्तुती केली होती, ती मागे घेतो.)

ता. क. २. चढवली असेलच, माझं ऐकणारे जगात ते एकटेच. मग आईचा धीर शंभरात किती, ते तूच लिही. तू तिला माझ्यापेक्षा सहा वर्षं जास्त पाहिलंस.