पांढरी चरबी

पूर्व गिप्सलँड
१४ एप्रिल २०२५

प्रिय क्लेम,

माझं अक्षर बघून घाबरू नकोस, बाबा जिवंत आहेत. सत्त्याऐंशीव्या वर्षीही वृद्धाश्रमाच्या चहाला नावं ठेवतात, म्हणजे तब्येत उत्तमच. मीही बरी आहे. गुडघे कुरकुरतात, पण त्यांचं ऐकतंय कोण? तुझं तास्मानियात कसं चाललंय? थंडी बाधत नाही ना?

यंदा पाऊस वेळेवर झाला. ओढ्यापलीकडच्या रानात गुरं पोटापर्यंत गवतात उभी असतात. तू असतास तर कुंपणाला टेकून तासभर नुसता बघत बसला असतास.

काल शेड आवरताना तुझ्या मांसाच्या दुकानाची पाटी सापडली. 'बहिणीच्या रानातलं. जन्मापासून शेवटपर्यंत फक्त गवत.' त्यातल्या 'शेवटपर्यंत'खाली तू दोन रेघा मारल्या होत्यास. गिऱ्हाइकांना किती पिडायचास रे त्यावरून! "अहो मिसेस पेट्री, गवत तर सगळीच गुरं खातात. शेवटचे शंभर दिवस काय खाल्लं ते विचारा! आयुष्यभर गवत आणि शेवटी धान्य, तरी लोक गवताचीच चिठ्ठी लावतात. आणि हे 'नैसर्गिक' काय असतं? अनैसर्गिक बैल बघितलाय कोणी?" मिसेस पेट्री बिचारी दोन चॉप्स घ्यायला आलेली असायची.

हे सगळं बाबांनीच शिकवलेलं. आठवतं? शनिवारी आपल्याला मांस टांगायच्या थंड खोलीत न्यायचे आणि चरबी ओळखायला लावायचे. "पिवळी म्हणजे गवत, पांढरी म्हणजे धान्य. चिठ्ठी खोटं बोलेल, चरबी नाही." जिंकणाऱ्याला सॉसेज मिळायचं. तू कधी चुकायचा नाहीस, मेल्या. मग मी तुझी टोपी चिखलात टाकायचे. किती सुखाचे दिवस होते ते, क्लेम. मला फार आठवण येते.

दोन पानं झाली, अजून मी टोपीवरच आहे. आता लिहिते.

सहा वर्षांपूर्वीच्या त्या दुष्काळात मागच्या रानातल्या अठरा गोऱ्ह्यांना मी सत्तर दिवस जव घातला. बाबांनी चाळीस वर्षं जोपासलेला कळप, त्याच्या बरगड्या मोजता येत होत्या. मला बघवेना. जव घातला यात काही पाप नव्हतं. पण गुरं कापायला पाठवताना 'फक्त गवत' अशी चिठ्ठी देणाऱ्या योजनेच्या फॉर्मवर 'धान्य दिलं का?' यापुढे मी 'नाही' लिहिलं आणि सही ठोकली. खरं लिहिलं असतं तर तू त्या मांसाला दुसरी चिठ्ठी लावली असतीस, एवढंच झालं असतं. पण मला तुझ्या पाटीवरून उतरायचं नव्हतं.

मग तुझा फोन आला. "लोर्ना, चरबी पांढरी आहे. काय घातलंस?" मी म्हटलं, वाळलं गवत. तू म्हणालास, "वाळल्या गवतावर एवढी जाड चरबी? दुष्काळात?" तेव्हा मी काय बोलले ते मला शब्दन् शब्द आठवतं. "डोळे तपासून घे तुझे." बाबा स्वयंपाकघरातच होते. त्यांनी फोन हिसकावला आणि तुझ्यावर ओरडले, "शेत बहिणीला दिलं म्हणून जळतोस का रे?"

गावानंही तेच धरलं. तू पाटी उतरवलीस, माझ्या ओसरीवर ठेवलीस, दुकान विकलंस आणि गेलास. मी गप्प बसले. सहा वर्षं मी तुला मत्सरी ठरू दिलं. लाज वाटते मला.

गेल्या रविवारी बाबांसाठी वृद्धाश्रमात आपल्याच गुरांच्या मांसाचा रोस्ट नेला होता. त्यांनी काट्यानं चरबी दाबून बघितली आणि म्हणाले, "पिवळी आहे. या वेळी."

मी ग्रेव्हीचं भांडं खाली ठेवलं. "बाबा, तुम्हाला माहीत होतं?"

"शेडमध्ये जवाचा वास येत होता, पोरी. म्हातारा होतो, मेलो नव्हतो."

"मग क्लेमला का बोललात?"

त्यांनी काटा ताटात ठेवला. मग म्हणाले, "तू जवळ होतीस. मला तुझ्याच घरात राहायचं होतं." आणि रडले. मी बाबांना कधी रडताना पाहिलं नव्हतं.

त्या गवतवाल्या योजनेला मी सगळं खरं कळवलंय. चिठ्ठी गेली तर जाऊ दे. बेकरीत मिसेस पेट्रीलाही सांगितलं, म्हणजे गावभर झालंच. ती म्हणाली, "आणि आम्ही त्या पोराला काय काय बोललो गं!"

आता बाबा रोज दुपारी खुर्ची दाराकडे फिरवून घेतात. तुझं नाव काढत नाहीत, पण मोटार वाजली की मान वर करतात. मला माफ करू नकोस हवं तर. मला भेटूही नकोस, तू येशील त्या दिवशी मी रानात जाईन. पण त्यांच्यासाठी ये. लवकर ये.

तुझे डोळे चांगले होते, क्लेम.

लोर्ना