साडेतीन कळसूबाई

सौंदड, ५ जानेवारी २००३

ती. भुवनेश्वरदादास,
रविताचा शि. सा. न. वि. वि.

इकडे सारे खुशाल, एक मी सोडून. देवरीचं स्थळ बाबांनी पक्कं केलं. ते म्हणतात, फेऱ्यांच्या वेळी पोरीच्या ओंजळीत लाह्या घालायला सख्खा भाऊच पाहिजे, तो फौजेतून सुटीवर उतरला की मांडव. माझी वनरक्षकाची परीक्षा ९ मार्चला आहे, आणि सासरच्यांनी आधीच सांगून टाकलं की जंगलात हिंडणारी सून चालणार नाही. म्हणून हात जोडते, मार्च सरेपर्यंत घरी येऊ नकोस. कोणाची बहीण असं लिहिते का रे! लाज वाटून राहिली, तरी लिहून राहिली.

रोज राज्याराज्याची उंच शिखरं पाठ करते. कळसूबाई १६४६ मीटर, अनाइमुडी २६९५, कांचनजंगा ८५८६. जिवंत ज्वालामुखी अंदमानच्या बॅरन बेटावर. आई म्हणते, पोरगी पागल झाली, पोळ्या लाटतानाही पहाड मोजून राहिली.

या भांडखोर बहिणीवर जीव असू दे.
रविता

बर्फातली चौकी, २६ जानेवारी २००३

चि. रविताला दादाचे पुष्कळ आशीर्वाद.

तुझं पत्र रॉकेलच्या डब्यांसोबत हेलिकॉप्टरनं आलं. मी ५८०० मीटरवर आहे, म्हणजे साडेतीन कळसूबाई माझ्या बुटाखाली मावतात. हे पेपरात लिहू नकोस, मार्क कापतील.

इथे चौघं एका खोपटात. बाहेर जायचं तर कमरेला दोरी बांधून. आईच्या हातचा भात डोळ्यांसमोरून हटत नाही. काल माझा उतरायचा नंबर होता, तो मी हिमाचलातल्या कांगड्याच्या जोडीदाराला दिला. त्याची बायको बाळंत व्हायची आहे. आता माझा नंबर जूनमध्ये. देताना सोपं वाटलं, पण हेलिकॉप्टर दिसेनासं होईपर्यंत बाहेरच उभा राहिलो. असू दे. तू अभ्यास कर.

जूनशिवाय येणं नाही, हे बाबांनाही याच डाकेनं कळवलं आहे. म्हणजे ते मांडवाची घाई करणार नाहीत.

पास झालीस की पहिला पेढा माझा, हे ध्यानात ठेव.
तुझा दादा

देवरी, १२ मार्च २००३

ती. दादास रविताचा नमस्कार.

बाबांनी तुझं पत्र वाचलं. मग म्हणाले, जूनपर्यंत कायले थांबायचं, तेव्हा धानाची पेरणी येते, मुलाकडचेही थांबत नाहीत. काकांच्या लोकेंद्रला तुझ्या जागी उभं केलं. ६ तारखेला त्यानंच लाह्या घातल्या. बिचाऱ्यानं मान वर केली नाही. तू बाबांना कळवायला नको होतंस रे. पण राग नाही. तुला लपवाछपवी जमत नाही, हे मला ठाऊक होतं, बाबांना कळवू नको म्हणून मीच आधी सांगायला हवं होतं.

परीक्षेच्या दिवशी घरात सतरा पाहुणे होते. गोंदियात पेपर सुरू झाला असेल तेव्हा मी वांगी चिरत होती. सासूबाई मायेच्या आहेत, ताटात तूप जास्त वाढतात, पण फाटकाबाहेर एकटीला जाऊ देत नाहीत. हे पत्र मोलकरीण मंदाबाई टाकणार आहे.

जूनच्या आत नंबर मिळत असेल तर घे, दादा. आता माझ्यासाठी तिथे अडकून राहायचं काही कारण उरलं नाही.

तुझी
रविता