‘खाजणबांध’ची निगेटिव्ह बायजाबाईंच्या हवाली

मी, धर्मराज सिताराम साळवे, वय एकावन्न, धंदा चित्रपट-दिग्दर्शन, राहणार वाशी, हे मृत्युपत्र कोणाच्याही दबावाशिवाय लिहून ठेवतो. फुप्फुसात कर्करोग आहे, डोकं शाबूत आहे. आवाज गेला आहे, त्यामुळे या वेळी भाषण होणार नाही.

१. वाशीची खोली पत्नी गोजरा हिची. तिच्या बालवाडीच्या नोकरीवर घर चाललं. मी तेव्हा व्यासपीठांवर श्रमाच्या प्रतिष्ठेवर बोलत होतो. हे मृत्युपत्र तिनेच अमलात आणावं.

२. कॅमेरा माझे छायालेखक जयप्रकाश म्हात्रे यांना. पुस्तकं कोपरखैरण्याच्या कामगार वाचनालयाला. समासातल्या माझ्या शिव्या खोडू नयेत.

३. फिल्म सोसायटीने माझी शोकसभा घेऊ नये. जिवंतपणी त्यांना माझ्यासाठी सभागृह मिळालं नाही.

४. ‘खाजणबांध’ या माझ्या चित्रपटाची मूळ निगेटिव्ह व दोन्ही प्रिंट श्रीमती बायजाबाई नामा पाटील, राहणार सानपाडा गाव, यांना. जाळाव्यात की ठेवाव्यात, त्यांनी ठरवावं. कारण लिहिणं भाग आहे.

१९७८ साली नव्या शहरासाठी खाडीकाठच्या खाजणात भराव पडत होता. बायजाबाईंचे पती नामा डंपरखाली गेले. घरच्यांच्या संमतीने मी अंत्ययात्रा चित्रित करत होतो. आम्ही बड्या कंपन्यांच्या शूटिंगमधून उरलेले फिल्मचे तुकडे वापरायचो. डब्यावर लिहिलेली लांबी मी त्या दिवशी तपासली नाही. बायजाबाईंनी तिरडीवर अंग टाकलं आणि फिल्म संपली.

नवा तुकडा भरेपर्यंत तिरडी खांद्यावर गेली होती. मी ती पुन्हा अंगणात ठेवायला सांगितली. बायजाबाई म्हणाल्या, “दादा, उचललेला मढा परत दारान ठेवत नाय.” मी तिथेच अंधश्रद्धेवर बोललो. दहा मिनिटं, आणि चांगलं बोललो. चौघांनी माना खाली घालून तिरडी ठेवली. बाई पुन्हा रडल्या. मग डोळे पुसून त्यांनी विचारलं, “झाला का तुमचा?”

तेच दृश्य गाजलं. ‘दुसरा टेक नाही’ ही माझी शैली म्हणून समीक्षकांनी लिहिलं; मी ते मिरवलं. गावात चित्रपट दाखवला तेव्हा बायजाबाईंची जाऊ सगळ्यांदेखत म्हणाली, “सोंग झ्याक केलास गो.” पुढच्या वर्षी थोरला दीर खाडीत बुडाला. तिरडी परत दारात ठेवू दिली म्हणून ठपका बायजाबाईंवर आला. तेव्हापासून त्यांना कोणी हळदीला बोलावत नाही. चित्रपट थांबवा म्हणून त्या दोनदा माझ्याकडे आल्या. कलाकृती जनतेची असते, असं मी त्यांना समजावलं.

जयप्रकाश म्हणतो, ही निगेटिव्ह गेली तर आपल्या हातचं काहीच उरत नाही. खरं आहे. त्याने हरकत घेऊ नये.

गेल्या महिन्यात मी सानपाड्याला जाऊन माफी मागितली आणि ही तजवीज सांगितली. बायजाबाई म्हणाल्या, “मना कशाला देता? तुमीच जाला ना.”

जाळायचे म्हणून डबे लॅबमधून घरी आणले. आगपेटी घेऊन गच्चीवर गेलो. पहिल्या डब्याचं झाकण उघडलं, तासभर बसलो, झाकण लावून खाली आलो. जे मला जमलं नाही ते त्यांच्यावर टाकून मी जातो आहे. हाही अन्यायच. गोजराने पंधरा दिवसांत डबे पोचवावेत.

सही : धर्मराज सिताराम साळवे
साक्षीदार : शिवराम लोखंडे, शेजारी, मालतीबाई जगताप, परिचारिका. दोघांनी माझ्यासमक्ष सही केली.
वाशी, नवी मुंबई
१४ नोव्हेंबर १९८७