राखीव जागेचा खटला

३ एप्रिल १९६५
दुर्गच्या कचेरीतून कागद आला. हे राखीव जागेवर पंच निवडून आले, ती निवड रद्द करा म्हणून अर्ज. सही निवडणुकीत पडलेल्या मंगलूची, मागून बोलते मालगुजार, गावचा जमीनदार. म्हणे, केशव बौद्ध झाला, राखीव जागा हिंदू हरिजनाले असते, बौद्धाले नाही.
हे कापड कापून राहिले होते. हात थांबला नाही. "बौद्ध तर झालोच आहो," एवढंच म्हणाले.

७ एप्रिल
वकिलाकडे गेलो. तो म्हणे, "कचेरीत हिंदू सांगा. नाहीतर जागा गेली समजा."
हे उठले. दारापर्यंत गेले अन् परत येऊन बसले. विहीर आठवली असन. पहिल्याच सभेत ह्यायनं आपल्या टोलीची, वस्तीची विहीर मंजूर करून घेतली. ह्यायचं पंचपद गेलं तर ती मालगुजाराच्या आवारात जाते. इथं सारी पोलादाच्या प्लँटच्या कामावर आलेली आपली विदर्भातली घरं, अन् पाणी नाल्याचं. मागच्या उन्हाळ्यात शेजारच्या सोनाबाईची पोरगी त्याच पाण्यानं गेली. हगवण. दोन दिवसही नाही काढले.

८ एप्रिल
बाजारातून लक्ष्मीचं कॅलेंडर आणलं. बुद्धाची तसबीर पेटीत. नागपूरवरून दीक्षा घेऊन आलो तेव्हा सासूचे देव फडक्यात बांधून नदीत ह्यायनंच सोडले होते. सासू रडली तरी ऐकलं नव्हतं.
जेवले नाही.

२० एप्रिल
ह्यांची साक्ष झाली. हिंदू म्हणून सांगितलं. शपथेवर.
घरी आले, मशीनवर बसले, दोरा न ओवताच पाय चालवत राहिले.

२६ एप्रिल
विहिरीचं खोदकाम सुरू. टोलीतल्या बाया गाणं म्हणत माती वाहतात. सोनाबाई सर्वात पुढं. हे तिकडं गेलेच नाही.

५ मे
मंगलूच्या वकिलानं साक्षीले माझं नाव दिलं.
ह्यायले विचारलं, काय सांगू? "तुले समजते," म्हणाले. यापेक्षा काय बोलायचं ते शिकवलं असतं तर बरं.
सोनाबाई आली. माझा हात धरला. "सुभद्रा, 'हिंदू' एवढा एक शब्द तर हाये."

११ मे
मोठी खोली. खुर्चीवर साहेब. मंगलूचा वकील हळूच बोलला, मायेनं बोलल्यासारखा. "बाई, घर में किसकी पूजा होती है?"
मी ह्यांच्याकडं पाहिलं. हे खाली पाहून राहिले होते. मान इतकी खाली मी कधी पाहिली नाही. मालगुजारापुढंही नाही.
म्हटलं, "बुद्धाची."
आपला वकील उठला. "हुजूर, औरत है, सवाल समझी नहीं."
"समजली," मी म्हटलं.
कावून बोलली मी, कशासाठी? विहीर डोळ्यापुढं होती, सोनाबाईची पोरगी होती, तरी...

१२ मे
आज हे म्हणाले, "मी पाण्यासाठी बोललो होतो."
"मले माहीत आहे."
"मग?"
मी तव्याकडं वळली. भाकरी करपली.

१९ मे
खोदकाम बंद. सरपंच म्हणे निकाल लागेपर्यंत थांबा. खाली ओल दिसते, पाणी नाही.
नाल्यावर मी गेली की बाया घागरी उचलतात.

२८ मे
निकाल. निवड रद्द. खोटी शपथ घेतली म्हणून ह्यांच्यावर वेगळी केस होऊ शकते, वकील म्हणे. अपील करता येते. पण त्याले माझं प्रतिज्ञापत्र पाहिजे, की मी घाबरली, सवाल कळला नाही, आम्ही हिंदूच आहो. कागद टाईप करून दिला. फक्त माझी सही बाकी.
हे म्हणाले, "तुह्यावर आहे." चिडून नाही. थकून.

३१ मे
सोनाबाईच्या लहान्याले काल रात्रीपासून उलट्या. नाल्याचंच पाणी.
दुपारी ती आली. मले वाटलं शिव्या देईन. तिनं विचारलं, "सही केली?"
"अजून नाही."
ती उंबरठ्यावर बसली. अजून बसून आहे.